जे सांगितलं तेवढंच

रक्तदाबासाठी अ‍ॅम्लोडिपिन सुरू केलं आणि पाय सुजले, ही आमच्याकडची नेहमीची तक्रार. औषधांच्या दुष्परिणामांना ठरलेल्या कोशातली नावं देऊन ते नोंदवणं हे माझं काम. रुग्णानं स्वतः फोन करून 'पाय सुजलेत' म्हटलं, तर मी पडद्यावर जे निवडते ते शेवटी 'पेरिफेरल स्वेलिंग'खाली जाऊन बसतं. त्याच माणसाच्या केसपेपरवर डॉक्टरांनी 'पेडल इडीमा' लिहिलं असेल, तर ते जातं 'इडीमा पेरिफेरल'खाली. माणूस तोच, गोळी तीच, पायही तेच. नोंद मात्र दोन वेगळ्या नावांची. शिकताना हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी वैतागले होते. सूज ती सूज, त्यात एवढं काय?

त्यात बरंच काही आहे. डॉक्टरांनी 'इडीमा' लिहिलं म्हणजे त्यांनी बोटानं दाबून पाहिलं असणार, खळगा पडतो का ते बघितलं असणार. रुग्णाच्या 'सुजे'मागं गोळी असेल, मुरगळलेला घोटा असेल, शिरेत गुठळीही असेल. यातलं कुठलं, हे खुर्चीत बसून ठरवायचा मला अधिकार नाही. पुढं ज्यांना अ‍ॅम्लोडिपिनच्या सगळ्या सुजा एकत्र बघायच्या असतात, त्यांच्यासाठी अशा जवळपासच्या नावांचे गट करून ठेवलेले आहेत, त्यांना एसएमक्यू म्हणतात. गोळा करणं त्यांचं काम. मी आधीच सगळं एकात ढकललं, तर नंतर कुणालाही ते निवडून वेगळं काढता यायचं नाही.

मी फोंड्याची. बी.फार्म. पणजीत केलं, मग पुण्यात एका कंपनीत औषधांच्या दुष्परिणामांच्या केसेस हाताळायचं काम केलं आणि आता गोव्यातल्या एका रुग्णालयात, एडीआर (म्हणजे औषधांचे दुष्परिणाम) मॉनिटरिंग सेंटरमध्ये तेच करते. अशी केंद्रं देशभर आहेत. भारताचा फार्माकोव्हिजिलन्स, म्हणजे औषधांच्या दुष्परिणामांवर नजर ठेवायचा, कार्यक्रम २०१० मध्ये सुरू झाला, २०११ पासून त्याचं राष्ट्रीय केंद्र गाझियाबादच्या इंडियन फार्माकोपिया कमिशनकडे आहे. आम्ही केस भरतो ती तिकडं जाते आणि तिथून स्वीडनमधल्या उप्साला इथं, जिथं जागतिक आरोग्य संघटनेचा १९६८ पासूनच्या नोंदींचा साठा आहे. वाळपईच्या एखाद्या आजीच्या अंगावरचं पुरळ स्वीडनपर्यंत पोचतं, हे मी घरी सांगितलं तेव्हा आईनं विचारलं, "तिला खाज थांबली का पण?" थांबली होती. तेही फॉर्ममध्ये लिहायचं असतं, 'आउटकम'च्या रकान्यात.

ज्या कोशातून आम्ही नावं निवडतो त्याला मेड्रा म्हणतात. वेगवेगळ्या देशांच्या औषध नियामकांना एकमेकांच्या नोंदी वाचता याव्यात म्हणून गेल्या शतकाच्या शेवटच्या दशकात तो तयार झाला. त्याला पाच मजले आहेत. तळाला एलएलटी, म्हणजे लोक आणि डॉक्टर जसं बोलतात-लिहितात तशा ८० हजारांहून जास्त नोंदी, प्रत्येकीला आठ आकडी क्रमांक. त्यांच्यावर पीटी, म्हणजे एक वैद्यकीय कल्पना, एक नाव. एनालाप्रिल या रक्तदाबाच्या गोळीनं येणारा 'कोरडा खोकला' खालच्या मजल्यावर असतो, वर गेला की नुसता 'खोकला' उरतो. त्यावर आणखी दोन थर आणि सगळ्यांत वर २७ मोठे विभाग: हृदय, त्वचा, मज्जासंस्था, संसर्ग, असे. एक नाव दोन-तीन विभागांत असू शकतं, पण मुख्य घर एकच. इन्फ्लुएंझा संसर्गातही आहे आणि श्वसनातही, मोजताना तो संसर्गात धरतात. नाहीतर एकच ताप दोनदा मोजला जाईल.

आम्ही हातानं निवडतो ते तळाचं. वरचे मजले आपोआप येतात. त्यामुळे नव्या मुलांना वाटतं, शोधचौकटीत शब्द टाकायचा, जवळचं दिसेल त्यावर क्लिक करायचं, झालं. मलाही सुरुवातीला हे काम म्हणजे वेगानं टाइप करायची नोकरी वाटली होती. पुण्यात आमच्या प्रशिक्षक बाईंनी पहिल्याच आठवड्यात फळ्यावर एक ओळ लिहिली: हृदयविकाराचा झटका, छातीत दुखणं, धाप, घाम, ईसीजीत बदल आणि कावीळ. किती कोड, म्हणजे कोशातली किती नावं? आम्ही सगळ्यांनी सहा सांगितले. उत्तर दोन. झटक्याचं निदान दिलं असेल तर छातीतलं दुखणं, धाप, घाम, ईसीजी हे त्यातच आलं. कावीळ त्यात येत नाही, म्हणून ती वेगळी. निदानाला 'बहुधा' लागलेलं असेल तर मात्र निदान घ्यायचं आणि लक्षणंही घ्यायची, कारण उद्या ते निदान बदललं तर लक्षणं तरी हातात राहतात. मृत्यू हा परिणाम, रिअ‍ॅक्शन नव्हे. ज्यानं मृत्यू आला ते कोड करायचं. रुग्णालयात दाखल केलं, हीसुद्धा रिअ‍ॅक्शन नव्हे. त्यानं केस 'गंभीर' ठरते, तो रकाना वेगळा. औषध लागू पडलं नाही, यालाही कोड आहे. आणि भलतीच गोळी दिली पण काहीच झालं नाही, तर 'काहीच झालं नाही' यालाही आहे. हे ऐकून वर्गात हशा पिकला होता.

पुण्यात केसेस इंग्रजीत टाइप होऊनच यायच्या. कुठल्या तरी देशातल्या नर्सनं व्यवस्थित भरलेल्या, तारखांसकट. गोव्यात आल्यावर कळलं की खरं काम त्याच्या अलीकडचं आहे. इथं फॉर्म येतो तो ओपीडीतल्या निवासी डॉक्टरनं उभ्याउभ्या भरलेला. रुग्णाची आद्याक्षरं, वय, संशयित औषध, रिअ‍ॅक्शन, ती कधी सुरू झाली आणि कळवणारा कोण, एवढं तरी लागतंच. बाकीचे रकाने बहुतेक वेळा कोरे. एका ठिकाणाहून, नाव घेत नाही, बराच काळ येणाऱ्या फॉर्मवर रिअ‍ॅक्शनच्या जागी फक्त 'ड्रग रिअ‍ॅक्शन' असायचं. तर मेड्रात 'अ‍ॅडव्हर्स ड्रग रिअ‍ॅक्शन' असंही नाव आहे. नियमानं तो कोड देता येतो. मला तो अजिबात आवडत नाही. औषधाची रिअ‍ॅक्शन काय, तर औषधाची रिअ‍ॅक्शन! स्वीडनमध्ये बसलेल्यानं त्यातून काय घ्यायचं? असा फॉर्म आला की मी कोड द्यायच्या आधी फोन उचलते.

अशाच एका फॉर्मची गोष्ट सांगते, कारण तिच्यात बहुतेक सगळं आलं. त्वचारोग विभागातून आलेला. निदान 'एफडीई', म्हणजे फिक्स्ड ड्रग इरप्शन, औषधानं ठरावीक जागी उठणारा डाग: खालचा ओठ आणि उजव्या हाताची पाठ. औषध: 'अँटिबायोटिक'. तारीख: कोरी. पेशंट पेडण्याकडचा, टॅक्सी चालवणारा. फोन लावला तो त्याच्या आईनं उचलला.

"कोण गो बाय तू?"

"हॉस्पिटलातून बोलतेय, आजी. दादा आहेत का घरी?"

"तो मोपाला गेलाय, भाडं घेऊन. काय गो, रिपोर्ट वाईट आला काय?"

वाईट काही नाही, हे पटवण्यातच पाच मिनिटं गेली. हॉस्पिटलातून आलेला फोन म्हणजे काहीतरी अशुभ, ही भीती मला या कामात रोज भेटते. संध्याकाळी त्याचाच फोन आला, मागं विमानतळाचे भोंगे चाललेले. ओठावरच्या काळपट डागाला तो डाग म्हणतच नव्हता, ज्वर म्हणत होता, म्हणजे तापानं ओठावर उठतात ते फोड. "ओठावर ज्वर उतला होता हो मॅडम. मागच्या वेळीपण तिथंच उतला." मागच्या वेळी म्हणजे कधी? "शिगम्याच्या आधी." आणि आता? "चवथ झाली, त्याच्या दुसऱ्या आठवड्यात."

आमच्याकडं तारखा अशाच येतात. शिगमा म्हणजे होळीचा सण, चवथ म्हणजे गणेशचतुर्थी, जत्रा, नाहीतर 'पाऊस लागला तेव्हा'. कॅलेंडर समोर ठेवून त्याचा महिना निघतो, दिवस निघत नाही. सॉफ्टवेअर नुसतं वर्ष आणि महिना घेतं आणि तेवढंच भरावं. दिवसाच्या जागी ठोकून एक तारीख टाकली की गोळी आणि डाग यांच्यातलं अंतर खोटं होतं आणि दुष्परिणाम ठरवताना सगळ्यात आधी बघतात ते हेच अंतर.

गोळी कुठली? "पिवळी." पोट बिघडलं की तो नेहमी तीच घ्यायचा. फार्मसीवाला ओळखीचा, नावसुद्धा सांगावं लागत नाही, "ती दे रे" म्हटलं की झालं. मी म्हटलं, पाकीट असेल तर फोटो पाठवा. रात्री व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो आला: कात्रीनं कापलेली अर्धी स्ट्रिप, दोन रिकाम्या खळग्या, एक गोळी शिल्लक. फॉइलवर ऑफ्लोक्सासिन आणि ऑर्निडाझोल एवढं वाचता येत होतं. बॅच नंबर आणि एक्स्पायरी कापलेल्या दुसऱ्या अर्ध्यावर, म्हणजे दुकानात. आपल्याकडं चार गोळ्या मागितल्या की दुकानदार स्ट्रिप कापतो, त्यात नेमका हाच मजकूर कधी याच्याकडं जातो, कधी त्याच्याकडं. मी दुकानाचा नंबर घेतला. फार्मासिस्ट भला माणूस निघाला, फक्त आधी त्याला वाटलं मी औषध प्रशासनातून बोलतेय. फॉर्मवरच लिहिलेलं असतं की कळवणं म्हणजे कुणाचा दोष कबूल करणं नव्हे, ते त्याला वाचून दाखवलं. मग त्यानं ड्रॉवरमधून उरलेला तुकडा काढून आकडे सांगितले.

आता कोड. त्वचेच्या डॉक्टरांनी निदान दिलंय, तेव्हा 'फिक्स्ड ड्रग इरप्शन' निवडलं, वर ते 'फिक्स्ड इरप्शन' होतं, विभाग त्वचेचा. ओठाची आग होत होती, ती या निदानातच आली, वेगळी घेतली नाही. पण बोलता बोलता तो असंही म्हणाला होता की गोळ्या चालू असताना तोंडाला लोखंडासारखी चव येते, चहासुद्धा जात नाही. डॉक्टरांच्या कागदावर याचा पत्ता नव्हता. त्यांनी विचारलं नसेल, त्यानं सांगितलं नसेल. ही चव एफडीईचा भाग नाही. फळ्यावरच्या त्या काविळीसारखीच ती वेगळी. 'मेटॅलिक टेस्ट', वर 'डिसग्युसिया'. अशा गटातल्या औषधांनी ती येते हे माहीत आहेच, पण माहीत आहे म्हणून सोडून द्यायची नसते.

जुलाबांचं काय? ते रिअ‍ॅक्शनच्या रकान्यात जात नाहीत. ते गोळी का घेतली त्याचं कारण, ते 'इंडिकेशन'मध्ये. तिथंही मेड्राचाच कोड लागतो, आणि म्हणूनच गफलत होते: शब्द तोच, कोड तोच, रकाना वेगळा. अँटिबायोटिकनं जुलाब होतातही. त्यामुळे नवख्यानं घाईत ते रिअ‍ॅक्शनमध्ये टाकले तर ते कुणाच्या डोळ्यांत खुपतही नाहीत आणि न केलेला गुन्हा औषधाच्या नावावर चढतो.

राहिला शिगम्याआधीचा ज्वर. मनातून मला खात्री होती की तोही हाच डाग. एफडीईची खूणच ती: पुन्हा औषध घेतलं की डाग पूर्वीच्याच जागी उठतो. पण पेशंट म्हणतोय ज्वर उतला, आणि तेव्हा दाखवलं होतं त्या दवाखान्यातही तसंच समजून मलम दिलेलं. मी 'ओरल हर्पीस' लिहायला तयार नव्हते आणि 'एफडीई' लिहायला मुखत्यार नव्हते. त्वचारोग विभागात जाऊन डॉक्टरांनाच विचारलं. त्यांनी मागचा डाग कसा होता, किती दिवस राहिला, जाताना काळा पडला का, हे पेशंटला फोनवर विचारलं, आणि माझ्या फॉर्मवर स्वतःच्या अक्षरात लिहिलं: पूर्वी त्याच जागी, त्याच औषधानंतर. मग 'रिचॅलेंज'च्या, म्हणजे औषध पुन्हा घेतल्यावर तेच झालं का या, रकान्यात होकार गेला. रुग्णाला मुद्दाम पुन्हा औषध देऊन बघणं नव्हे हे. त्यानं आपण होऊन घेतलं होतं, आम्ही फक्त लिहून घेतलं.

औषधामुळेच झालं का, हे ठरवणारे वेगळे. आमच्या समितीत डॉक्टर आणि फार्माकॉलॉजीचे शिक्षक बसतात, जागतिक आरोग्य संघटनेच्या वर्गवारीनं 'निश्चित', 'संभाव्य', 'शक्य' वगैरे ठरवतात. या केसवर बरीच चर्चा झाली. एक जण 'निश्चित' म्हणत होते. दुसरे म्हणाले, मागच्या वेळी तीच गोळी होती याला पेशंटच्या आठवणीशिवाय पुरावा काय? ते बरोबरच होतं. 'संभाव्य'वर थांबले. बाहेर आल्यावर एका विद्यार्थिनीनं विचारलं, मग कोड बदलायचा का? नाही. औषधावर शंका पक्की असो की पुसट, ओठावर जे उठलं त्याचं नाव तेच राहतं. डॉक्टरांनी त्या ड्रायव्हरला दोन्ही औषधांची नावं कार्डावर लिहून दिली आणि लायसन्सबरोबर ठेवायला सांगितलं.

सगळ्या केसेस अशा शेवटाला जात नाहीत. हंगामात एका क्लिनिकातून एका परदेशी बाईची नोंद आली: खांदे आणि पाठ भाजल्यासारखी लाल, डॉक्टरांनी 'सनबर्न' लिहिलेलं, औषधात एक अनोळखी ब्रँड. औषधांचाही जागतिक कोश आहे, त्यात शोधल्यावर तो ब्रँड म्हणजे डॉक्सिसायक्लिन निघाला, मलेरिया होऊ नये म्हणून प्रवासात घेतलेलं. डॉक्सिसायक्लिननं त्वचा उन्हाला हळवी होते हे फार्मसीच्या पोरालाही ठाऊक असतं. 'फोटोसेन्सिटिव्हिटी रिअ‍ॅक्शन' लिहायला हात शिवशिवत होता. डॉक्टरांना फोन केला, ते म्हणाले, "मोरजीच्या वाळूत दिवसभर पडल्यावर औषधाशिवायही एवढं भाजतं हो. मी सांगू शकत नाही." बाई तोवर मायदेशी परतलेल्या. 'सनबर्न' राहिलं. खाली डॉक्सिसायक्लिन संशयित म्हणून आहेच, अशा पुष्कळ नोंदी एकत्र आल्या तर बघणाऱ्याला दिसेल.

आणि एक केस अजूनही डोक्यातून जात नाही. सांधेदुखीसाठी मेथोट्रेक्सेट आठवड्यातून एकदा घ्यायचं, ते एका बाईंनी रोज घेतलं. तोंडभर फोड, रक्तातल्या पेशी घसरलेल्या, दाखल करावं लागलं. इथं तोंडातले फोड आणि पेशी कमी होणं यांचे कोड आहेतच, पण चुकीच्या वेळापत्रकाचा, म्हणजे औषध घेण्यातल्या गडबडीचा, वेगळा कोड द्यावाच लागतो. नाहीतर कागदावर सगळा दोष औषधाचा दिसतो आणि चिठ्ठीवर 'आठवड्यातून एकदा, सोमवारी' असं कुणी ठसठशीत का लिहिलं नाही, हा प्रश्न कुणी विचारतच नाही. सुनेनं मला चिठ्ठी दाखवली, त्यावरचं अक्षर मीही दोनदा वाचलं.

मेड्राची नवी आवृत्ती वर्षातून दोनदा येते, मार्चमध्ये आणि सप्टेंबरमध्ये. नवी नावं येतात, काही जुनी चालू वापरातून काढतात, काही एका छपराखालून दुसऱ्या छपराखाली जातात. सप्टेंबरची आवृत्ती, १७ ते २३ तारखेचा राष्ट्रीय फार्माकोव्हिजिलन्स सप्ताह आणि बहुतेक वर्षी त्याच सुमाराला चवथ, असं सगळं एकदम येऊन पडतं. सप्ताहात आम्ही पोस्टर लावतो, भाषणं होतात, पुढच्या महिन्यात फॉर्म वाढतात. नाताळपर्यंत पुन्हा पूर्ववत. त्वचा आणि क्षयरोग विभागांतून नोंदी नियमित येतात. गल्लीतल्या दवाखान्यांतून जवळजवळ नाहीतच, आणि गोव्यातली निम्मी औषधं तर तिथूनच आणि फार्मसीच्या काउंटरवरूनच घेतली जात असावीत, असा माझा अंदाज.

कळवायला डॉक्टरच लागतो असंही नाही. रुग्णांसाठी वेगळा, सोपा फॉर्म आहे, तो मराठीतही मिळतो. १८००-१८०-३०२४ हा टोल-फ्री नंबर कामाच्या दिवशी चालू असतो. औषधाचं नाव इंग्रजीत लिहिता नाही आलं तरी चालतं, स्ट्रिपचा फोटो पुरतो, फक्त बॅच नंबर असलेला तुकडा दुकानात सोडून येऊ नका. काय झालं ते तुम्ही घरात जसं सांगता तसंच सांगा. त्याचं नाव शोधायला आम्ही बसलोय.